काळा घोडा राणीच्या बागेत

संस्थेचा इतिहास लिहायचा म्हटले की पायाभरणी, उद्घाटन, अध्यक्षांची नामावळी आणि देणगीदारांचे आभार ही एक ठरून गेलेली वाट असते. भायखळ्याच्या डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालयाकडे त्या वाटेने जाण्याइतकी सामग्री भरपूर आहे. १९ नोव्हेंबर १८६२ रोजी गव्हर्नर सर बार्टल फ्रियर यांच्या हस्ते पायाभरणी झाली, २ मे १८७२ रोजी संग्रहालय लोकांना खुले झाले, आणि त्याला आता दीडशेहून अधिक वर्षे उलटली. तरीही या संस्थेचे मर्म सांगण्यासाठी एकच वस्तू निवडायची झाली, तर ती काचेच्या कपाटातली नसावी असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. कुठल्याही खरेदी समितीने न निवडलेली, शहराने आपल्या रस्त्यावरून हलवून संग्रहालयाभोवतीच्या राणीच्या बागेत आणून उभी केलेली ती वस्तू म्हणजे प्रिन्स ऑफ वेल्सचा घोड्यावरचा ब्राँझचा पुतळा, ज्याला मुंबई काळा घोडा म्हणून ओळखते. तो इथे आला ही संस्थेच्या इतिहासातली तळटीप नाही. शहराला नकोशा झालेल्या वस्तूंचे काय करायचे, या प्रश्नाचे उत्तर देण्याची जबाबदारी त्या दिवशी संग्रहालयाच्या गळ्यात पडली. आणि वस्तू जपून ठेवण्याइतकेच हे कामही संग्रहालयाचे असते.

हे पटायचे तर आधी संग्रहालयाचा जन्म कसा झाला ते पाहावे लागेल. १८५०च्या दशकात फोर्टातल्या टाउन बॅरॅक्समध्ये सरकारने कच्चा माल, कारागिरी आणि खनिजांचे नमुने मांडून एक छोटे ‘आर्थिक’ संग्रहालय सुरू केले. १८५७च्या उठावात लष्कराला ती जागा हवी झाली आणि जमवलेल्या वस्तूंची वाताहत झाली. पुढे डॉ. जॉर्ज बर्डवुड आणि डॉ. भाऊ दाजी यांनी नव्या इमारतीसाठी वर्गणीची मोहीम हाती घेतली. नाना शंकरशेट समितीचे अध्यक्ष होते. अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे मुंबईच्या कापसाला सोन्याचा भाव आला होता, त्यामुळे पैसा सुरुवातीला धो धो आला. युद्ध संपले, १८६५मध्ये बाजार कोसळला, वर्गणीदार बुडाले, नाना त्याच वर्षी वारले आणि स्वतः भाऊ दाजींचीही पुंजी त्या लाटेत गेली. अर्धवट उभी राहिलेली इमारत शेवटी सरकारने पुरी केली. लोकवर्गणीतून सुरू झालेले, सट्ट्यात अडकलेले आणि सरकारी पैशाने तडीस गेलेले हे काम आहे. या वास्तूत निव्वळ साहेबाचे किंवा निव्वळ आपले असे काहीच नाही, आणि हीच गोष्ट बाहेरच्या घोड्यालाही लागू पडते.

त्या घोड्यामागे जे घराणे आहे ते संग्रहालयाला परके नाही. बगदादचे ज्यू व्यापारी डेव्हिड ससून छळाला कंटाळून १८३०च्या दशकात मुंबईत आले आणि अफू, कापूस यांच्या व्यापारात गडगंज झाले. संग्रहालयाच्या आत उभा असलेला प्रिन्स अल्बर्टचा संगमरवरी पुतळा डेव्हिड यांची देणगी. त्याच्या चौथऱ्यावर इंग्रजीबरोबर हिब्रू अक्षरेही कोरलेली आहेत. बागेच्या तोंडाशी असलेला घड्याळाचा मनोराही ससूनांच्याच नावाचा. डेव्हिड यांचा मुलगा सर अल्बर्ट ससून याने पुढे प्रिन्स अल्बर्टच्या मुलाचा पुतळा शहराला दिला. म्हणजे देणारे बापलेक आणि पुतळ्यातले बापलेक अशा दोन जोड्या. बापाचा पुतळा मुळातच संग्रहालयासाठी घडला, लेकाचा रस्त्यासाठी. आज दोन्ही एकाच आवारात आहेत. हा योगायोग असला तरी इतिहासकाराला फार सोयीचा योगायोग आहे, कारण एका धनाढ्य घराण्याने राजनिष्ठेत दोन पिढ्या गुंतवणूक कशी केली हे इथे काही पावलांच्या अंतरात दिसते.

युवराज एडवर्ड ८ नोव्हेंबर १८७५ रोजी ‘सेरापिस’ जहाजातून मुंबईत उतरला. या मुक्कामात त्याने प्रिन्सेस डॉकची कोनशिला बसवली. तो तेव्हा राजा नव्हता, सातवा एडवर्ड व्हायला त्याला १९०१ साल उजाडावे लागले. पुतळ्याचा उल्लेख सर्रास ‘राजाचा पुतळा’ असा होतो तो म्हणूनच थोडा घाईचा आहे. भेटीची आठवण म्हणून अल्बर्ट ससूनने लंडनमध्ये स्थायिक झालेला, मूळ व्हिएन्नाचा शिल्पकार जोसेफ एडगर बोहम याच्याकडून पुतळा घडवून घेतला. १८७९मध्ये, सर रिचर्ड टेंपल गव्हर्नर असताना, त्याचे अनावरण झाले. जागा मोक्याची होती: रॅम्पार्ट रो आणि एस्प्लनेड रोड मिळतात तिथे, ससूनांच्याच वाचनालयासमोर. पाडलेल्या कोटाच्या जागेवर उभ्या राहणाऱ्या नव्या मुंबईचा तो दर्शनी चौक. तिथे युवराजाला घोड्यावर बसवणे म्हणजे नवे शहर कोणाचे आहे हे सांगणे होते. शहराने मात्र स्वार सोडून दिला आणि घोडा उचलला. चौकाला नाव पडले ते जनावराचे, आणि पुतळा गेल्यावरही ते टिकले.

इथे धातूविषयी थोडे लिहायला हवे, कारण पुतळ्यांवरच्या वादात सगळे बोलतात ते पुतळा कोणाचा याबद्दल, कशाचा याबद्दल कोणी बोलत नाही. ब्राँझ म्हणजे तांबे आणि कथील यांचे मिश्रण. एवढा मोठा घोडेस्वार ओतायचा तर आधी मातीत पूर्ण आकृती घडवायची, तिच्यावरून प्लास्टरची प्रत काढायची, मग ओतशाळेत तिचे भाग पाडून प्रत्येकाचा साचा करायचा. साच्याच्या आत गाभा ठेवून दोहोंमध्ये जेमतेम बोटभर जागा सोडायची आणि त्या पोकळीत तापलेला रस सोडायचा. भरीव ओतला तर धातू थंड होताना तडकतो, शिवाय वजन पेलत नाही. ओतलेले भाग जोडून सांधे छिन्नीने इतके मारायचे की जोड दिसू नये. चार पायांवर, आणि त्यातला एखादा उचललेला असेल तर तिनांवरच, घोडा, खोगीर आणि माणूस एवढा भार उभा ठेवायचा हे शिल्पकारापेक्षा ओतकाम करणाऱ्याच्या कसबाचे काम आहे. वर येणारा काळपट रंग म्हणजे रसायनांनी दिलेला आणि हवेने मुरवलेला थर. मुंबईच्या दमट, खारट हवेत हा थर फुटला की क्लोराइडमुळे आतून फिकट हिरवी भुकटी धरू लागते. वेळच्या वेळी धुणे, कोरडे करणे आणि मेणाचा हात देणे याखेरीज त्याला उपाय नाही. संगमरवराचे दुखणे वेगळे. राणी व्हिक्टोरियाचा फोर्टातला शुभ्र पुतळा, बडोद्याच्या खंडेराव गायकवाडांनी दिलेला, १८९६मध्ये दामोदर चाफेकरांनी डांबराने काळा केला. पांढऱ्या दगडावर निषेध ठळक उमटतो. काळ्या घोड्यावर डांबर ओतून कोणाला कळणार होते?

या ओतकामाचा आणखी एक धागा भायखळ्याला लागून असलेल्या माझगावात जातो. १८७९चा पुतळा तयार होऊन बोटीने आला, कारण एवढे काम इथे होईल असे देणाऱ्याला आणि घेणाऱ्याला दोघांनाही वाटत नव्हते. त्यानंतर अर्धशतकाच्या आत, १९२८मध्ये, पुण्यात शिवछत्रपतींचा अश्वारूढ पुतळा उभा राहिला. तो सासवण्याच्या नानासाहेब करमरकरांनी घडवला आणि माझगाव गोदीत एकसंध ओतला गेला. करमरकर सर जे. जे. कलाशाळेचे विद्यार्थी. अश्वारूढ पुतळा म्हणजे काय, तो चौकात कसा दिसतो, किती उंचीवरून पाहायचा असतो, हे मुंबईतल्या कलाविद्यार्थ्यांच्या पिढ्यांनी ज्या नमुन्यांवरून पाहिले त्यांत काळा घोडा होता. ज्या मूर्तीने परक्या सत्तेचा दिमाख मिरवला, तिच्याच घाटात पुढे आपण आपला राजा घडवला. काळा घोडा वितळवून टाका म्हणणाऱ्याला ही परंपरा अर्ध्यावरून सांगावी लागेल.

आता १९६५ साल. त्या वर्षी महापालिकेने फोर्टातले साम्राज्यकालीन पुतळे रस्त्यांवरून काढले. संगमरवरी व्हिक्टोरिया आली, काही गव्हर्नर-जनरल आणि गव्हर्नर आले, आणि काळा घोडाही आला. चौकात पुढे मोटारी उभ्या राहू लागल्या. यावरचा पहिला आक्षेप आजही ऐकू येतो: पुतळा हलवणे म्हणजे इतिहास पुसणे. हा आक्षेप तपासून पाहिला तर टिकत नाही. चौकातला पुतळा इतिहास सांगत नसतो, तो मान मागत असतो. ज्याला मान द्यायचा नाही त्याला चौकात ठेवण्याचे बंधन कोणत्याच शहरावर नाही. याउलट, शहराला वाटले तर ते परक्याचाही पुतळा जागचा हलवत नाही. चेन्नईत फ्रान्सिस चँट्रीने घडवलेला, रिकीब नसलेल्या घोड्यावर बसलेला सर टॉमस मन्रो आजही भर रस्त्यात उभा आहे, कारण रयतवारी पद्धत आणणारा कलेक्टर म्हणून त्याची आठवण त्या मुलखात चांगली राहिली. कोलकात्यात जॉन हेन्री फोलीने केलेला जेम्स आउट्रमचा घोडेस्वार व्हिक्टोरिया मेमोरियलच्या आवारात गेला. दिल्लीत इंडिया गेटसमोरच्या छत्रीतला पाचवा जॉर्ज १९६८मध्ये हलवून कॉरोनेशन पार्कात ठेवला. चार शहरांनी आपापली निवड केली, पण पुतळा कोणीच फोडला नाही, तिघांनी फक्त त्याची जागा बदलली. पुसणे आणि हलवणे यांत फरक आहे. दिल्लीच्या उदाहरणातून मात्र दुसराही धडा मिळतो: नुसत्या मोकळ्या मैदानात पुतळे ओळीने उभे केले की ती स्मशानभूमी होते. मुंबईत पुतळे आले ते एका चालत्या संग्रहालयाशेजारी. हा फरक आपोआप झाला असेल, पण तो मोठा आहे.

दुसरा आक्षेप याच्या नेमका उलटा आहे आणि तो अधिक गंभीरपणे घ्यायला हवा. राणीच्या बागेत सुट्टीच्या दिवशी येणारी गर्दी प्राणी पाहायला येते, गिरणगावातल्या आणि उपनगरांतल्या कुटुंबांची ही हक्काची जागा आहे. अशा लोकांच्या जागेत, लोकांच्या कराच्या पैशाने, ज्यांनी मुलूख लुटला त्यांच्या मूर्ती का सांभाळायच्या? ब्राँझला भाव असतो. वितळवून त्यातून आपल्या कोणाचा तरी पुतळा करावा. या म्हणण्यातल्या रागाला आधार आहे. प्लेगच्या वर्षांत गव्हर्नर असलेल्या लॉर्ड सँडहर्स्टचा पुतळा ज्या आवारात आला, तिथे या रागाला हसण्यावारी नेणे उद्धटपणाचे ठरेल. पण पुतळा वितळवला तर गुन्हेगाराबरोबर पुरावाही जातो, आणि काळ्या घोड्याचा पुरावा कोणाविरुद्ध आहे हे नीट पाहिले पाहिजे. तो फक्त युवराजाविरुद्ध नाही. हा पुतळा इंग्लंडच्या तिजोरीने बसवलेला नाही, मुंबईत कमावलेल्या, अफूचा हिस्सा असलेल्या पैशाने बसवलेला आहे. देणाऱ्याला १८९०मध्ये बॅरोनेटचा किताब मिळाला. साम्राज्य इथे परक्यांनी लादले तसे ते इथल्या काहींनी भागीदारीतही चालवले, आणि तो हिशेब दगडाधातूत इतका स्वच्छ लिहिलेला दुसरीकडे क्वचितच सापडतो. तो फाडून टाकणे आपल्याच वर्गातल्या काही लोकांना फार सोयीचे जाईल.

काहींना वाटते, संग्रहालयाने १ नोव्हेंबर १९७५ रोजी ‘व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट’ हे नाव टाकून भाऊ दाजींचे नाव घेतले तेव्हाच हा प्रश्न सुटला. मुळीच नाही. नामांतर योग्यच होते. गोव्यात जन्मलेला, ग्रँट मेडिकल कॉलेजच्या पहिल्या तुकडीतला हा डॉक्टर कुष्ठरोगावर औषध शोधत होता, अजिंठ्याचे शिलालेख वाचत होता, दोनदा मुंबईचा शेरीफ झाला, आणि याच इमारतीसाठी दारोदार वर्गणी मागत फिरला. त्याचे नाव दारावर येणे म्हणजे उशिरा फेडलेले देणे. पण भाऊ दाजींनी वर्गणी मागितली ती राणीच्या नावाने, राणीच्या सन्मानासाठी, आणि मनापासून. त्या पिढीला ज्ञान हवे होते आणि ते राजनिष्ठेच्या वाटेने मिळवण्यात तिला कमीपणा वाटत नव्हता. दारावरचे नाव बदलले की ही गुंतागुंत दिसेनाशी होते. आवारातला घोडेस्वार ती पुन्हा दाखवतो. तो असल्यामुळे भाऊ दाजी आपल्याला सोयीचे देशभक्त करून टाकता येत नाहीत, आणि हा त्यांच्या स्मृतीवर अन्याय नसून त्यांच्या कामाचा खरा संदर्भ आहे.

तिसरे म्हणणे फोर्टातून येते: घोडा परत द्या. काळा घोडा परिसरात आता कलादालने आहेत, १९९९पासून कलामहोत्सव भरतो, तिथे त्या नावाचा घोडा नसावा हे विचित्रच. २०१७मध्ये त्यावर तोडगा निघाला आणि श्रीहरी भोसले यांनी घडवलेला नवा घोडा चौकात आला. त्याच्यावर स्वार नाही. शहराने पूर्वीच सोडलेला स्वार आता अधिकृतपणे वजा झाला, म्हणून पुष्कळांना ते आवडले. शिल्प म्हणून त्यावर इथे टीका करायची नाही. पण इतिहास म्हणून विचाराल तर इथेच घोडे पेंड खाते. स्वाराशिवायचा घोडा कोणालाच दुखवत नाही, आणि जे कोणाला दुखवत नाही ते फारसे काही सांगतही नाही. महोत्सवाच्या चौकाला तेवढे पुरते. ज्या संस्थेला शहराची आठवण ठेवायची आहे तिला पुरत नाही. म्हणून मूळ पुतळा परत मागितला गेला तर संग्रहालयाने तो देऊ नये. त्याची जागा आता इथेच आहे.

इथे असणे म्हणजे काय, हे याच आवारातल्या दगडी हत्तीने दाखवून ठेवले आहे. घारापुरीच्या बेटाला ज्याच्यावरून पोर्तुगिजांनी एलिफंटा हे नाव दिले तो हा हत्ती. १८६४मध्ये तो विलायतेला न्यायचे ठरले, उचलताना क्रेन मोडली आणि त्याचे तुकडे झाले. ते तुकडे राणीच्या बागेत आले आणि १९१४मध्ये जोडून हत्ती पुन्हा उभा राहिला. आज तो मोडका अवशेष म्हणून ओळखला जात नाही, संग्रहालयाचा मानकरी म्हणून ओळखला जातो, आणि त्याची हकिकत सांगताना चोरीचा बेत, मोडलेली क्रेन आणि जोडलेले तुकडे हे सगळेच सांगितले जाते. जागा सुटलेल्या वस्तूला तिच्या सुटण्यासकट पत्करायचे, ही या आवाराची रीत घोड्याच्या आधीपासूनची आहे.

संग्रहालयाच्या आतही तीच रीत चालत आली आहे. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला जे. जे.चे प्राचार्य सेसिल बर्न्स इथले क्युरेटर होते. त्यांच्या काळात मुंबईतल्या जातीजमाती, धंदे, खेळ यांच्या मातीच्या प्रतिकृती करून घेण्यात आल्या. त्या परक्या नजरेने केलेल्या आहेत हे कोणी नाकारत नाही, आणि तरी त्या जपल्या आहेत. २००३मध्ये महापालिका, इंटॅक आणि जमनालाल बजाज प्रतिष्ठान यांच्या करारातून इमारतीचे जतन सुरू झाले, २००५मध्ये त्याला युनेस्कोचा आशिया-पॅसिफिक पुरस्कार मिळाला, २००८मध्ये दारे पुन्हा उघडली. त्यानंतर सुदर्शन शेट्टी, जितीश कल्लाट यांच्यासारख्या कलावंतांना बोलावून त्यांनी जुन्या संग्रहाशी वाद घालावा, अशी प्रदर्शने भरवली गेली. शाळकरी मुलांसाठी कार्यशाळा होतात. म्हणजे आत ठेवलेल्या वसाहतकालीन वस्तूंशी बोलायचे कसे हे या संस्थेला कळते. ते बोलणे बाहेरच्या अंगणातही त्याच ताकदीने व्हावे, एवढेच म्हणणे आहे. पुढच्या प्रदर्शनासाठी एखाद्या शिल्पकाराला कपाटातल्या वस्तूंऐवजी हा घोडेस्वार नेमून द्यावा. ओतकाम शिकणाऱ्या विद्यार्थ्यांचा वर्ग त्याच्या पायाशी भरावा, सांधे कुठे मारले आहेत ते बोटाने दाखवावे. निगा राखणाऱ्याने मेणाचा हात देताना लोकांना पाहू द्यावे. आणि पैसा कोणाचा होता, तो कशातून आला, शिल्पकार कोण, पुतळा कुठे होता आणि १९६५मध्ये इथे का आला, एवढे स्वच्छ मराठीत, उभ्याउभ्या वाचता येईल अशा मोठ्या अक्षरांत, पुतळ्यापाशीच वाचायला मिळावे.

हे संग्रहालयाच्या विश्वस्तांसाठी झाले. वाचकाला विनंती एवढीच की पुढच्या वेळी मुलांना पेंग्विन दाखवायला न्याल तेव्हा अर्धा तास काळ्या घोड्यासाठी राखून ठेवा. राणीची बाग बुधवारी बंद असते.